तुझा हात मी पाहिला

सोमवार, ३० एप्रिल १९९०

अम्ब्रोस,

आशीर्वाद लिहायची आज इच्छा नाही, म्हणून नुसतं नाव लिहिलं आहे. अर्ध्या तासाच्या चढावर राहणाऱ्या सख्ख्या भावाला टपालाने पत्र धाडायची वेळ यावी, हेही नवलच. पण सकाळी फोन केला तर तू माझा आवाज ऐकलास आणि ठेवून दिलास. वर चढून आले तर तू गोठ्यात जाऊन बसणार. लहानपणापासून तुझं तेच. दूध सांडलं की गोठ्यात, गुरुजींनी बदडलं की गोठ्यात. तेव्हा वाच आता तिथेच बसून. हवं तर गायींनाही वाचून दाखव.

काल मी आपेन्झेलच्या चौकात होते. तुला वाटलं असेल, प्रांताच्या गणसभेचा दिवस, बेकरीत झुंबड असणार, अगाथा कुठली येते! बेकरी मी दुपारपर्यंत बंद ठेवली. मतदारांच्या रिंगणाला लावलेल्या दोराच्या बाहेर, जिथे बायकांनी उभं राहून कौतुकाने बघायचं असतं तिथे, पहिल्या रांगेत उभी होते. तू रिंगणात होतास, कारंज्याच्या अलीकडे, कमरेला बाबांची तलवार लावून. ती तलवार कमरेला असली की माणसाला मत असतं, असा आपला कायदा. अक्कल असलीच पाहिजे असा नाही.

प्रश्न विचारला गेला. बायकांना प्रांतात मत द्यावं, असं ज्यांना वाटतं त्यांनी हात वर करा. थोडे हात वर झाले. तुमच्या रांगेत एकच झाला, खोगीरवाल्या बेनेडिक्टचा. तो कडू कारल्यासारखा माणूस, ज्याच्याशी सरळ तोंडाने कोणी बोलत नाही, त्याचा. तुझा हात खिशाजवळ होता. मी म्हटलं, उशीर करतोय, त्याला नेहमीच उशीर होतो. मग विचारलं, विरुद्ध कोण? तू आधी कान खाजवलास. डावीकडे बघितलंस, उजवीकडे बघितलंस. आणि मग हात वर केलास. अर्धवटही नाही, चांगला कोपर ताठ करून.

पवित्र गुरुवारी संध्याकाळी माझ्या स्वयंपाकघरात बसून माझाच ईस्टरचा पाव खाताना कोण म्हणालं होतं, "या वेळी माझा हात वर असणार, अगाथा, घेऊ का शपथ?" मी म्हटलं, शपथ कशाला, तू म्हणालास तेवढं पुरे. मूर्ख मी.

बाकीच्या देशासारखी आपल्याकडे पेटीत चिठ्ठी टाकायची रीत असती, तर तू काल संध्याकाळी तोंड पाडून माझ्याकडे आला असतास. "काय करणार, हरलो आपण," म्हणाला असतास. मी तुला कॉफी दिली असती, वर मधाच्या बीबर केकचा मोठा तुकडा दिला असता, आणि आपण दोघांनी मिळून इतर पुरुषांना शिव्या घातल्या असत्या. उघड्यावर हात वर करण्याच्या आपल्या या जुन्या रीतीचं मला काल पहिल्यांदाच कौतुक वाटलं. खोटं बोलणाऱ्याला ती लपायला जागा देत नाही.

माझा नवरा गेल्यापासून या घरातून एकही हात वर जात नाही. कर माझा चालतो, नियम मला लागू होतात, तुमच्या सभेच्या दिवशी पहाटे उठून भाजलेले पाव तुमच्या पोटात जातात. तो एक हात मी तुझ्याकडे मागितला होता. तू नाही म्हणाला असतास तर मी भांडले असते, आणि विसरलेही असते. तू हो म्हणालास.

अगाथा


१७ मे

अम्ब्रोस,

उत्तर आलं नाही. तुझ्या गोठ्यातून बेकरीला येणारी साय मात्र बंद झाली, हेच उत्तर समजायचं का? काल तुझा गडी गाडी घेऊन बेकरीसमोरून गेला, थांबला नाही. मी हाक मारली तर म्हणाला, "मालक म्हणाले, यापुढे तिकडे द्यायची नाही." बरं. केकवरची साय मी दुसरीकडून आणीन. पण तुझ्यात एवढं म्हणायचीही हिंमत नसावी की ते गड्याच्या तोंडून यावं?

तुझ्या कानावर गेलंच आहे, म्हणून मीच स्पष्ट लिहिते. बायकांच्या मतासाठी लोझानला, देशाच्या सर्वोच्च न्यायालयात, गेलेल्या तक्रारीवर मी सही केली आहे. लपून नाही केली, दिवसाढवळ्या, माझ्या दुकानाच्या काउंटरवर केली.

तेव्हापासून गावाचं प्रेम ऊतू चाललं आहे. रोज येणारी माणसं समोरच्या रस्त्याने जातात आणि पाव घ्यायला पुढच्या गावाला जातात. जाईनात का, पाय मोकळे होतात. मंगळवारी सकाळी दुकानाच्या काचेवर कोणीतरी शेण फासलेलं होतं. ताजं होतं. शेणावरून गाय ओळखता आली असती तर मी कोर्टात त्याही गायीचं नाव घातलं असतं.

परवा बेनेडिक्ट आला. माझं त्याचं कधी पटलेलं नाही, तुला ठाऊक आहे. माझा पाव करपलेला असतो असं तो वीस माणसांसमोर बोललेला आहे. आला, पाव घेतला, उलटा करून खालून ठोकून बघितला.

मी म्हटलं, "करपलेला आहे का बघताय?"

"आहेच," तो म्हणाला. "पण आता दुसरीकडून घेतला तर लोक म्हणतील मी घाबरलो."

"सभेत हात वर करायला नाही घाबरलात?"

"घाबरलो तर! दोन जणांनी खोगिरं परत नेली. पण मला जे वाटतं ते मी हाताने सांगितलं. तेवढ्यासाठीच तर जातो ना आपण तिथे?"

आणि पाव काखोटीला मारून गेला. जाताना धन्यवादसुद्धा म्हणाला नाही. माणूस मला अजूनही आवडत नाही. पण त्या दिवशी तुझ्या जागी तो माझा भाऊ असता तर बरं झालं असतं, असं वाटलं आणि मला तुझा आणखीनच राग आला.

अगाथा


१५ ऑगस्ट, मेरीमातेचा सण

अम्ब्रोस,

आज मी आईला भेटायला वर आले होते. तू गोठ्यात गेलास, ते मी वळणावरून पाहिलं. म्हातारा होत चाललास, पळायचा वेग कमी झालाय.

आईने मला घरात घेतलं नाही. लिडिया बिचारी दारात उभी. एका हातात कॉफीचा कप, दुसरा हात दाराच्या कडीवर. "वन्सं, बाकावर बसा ना, बाहेर हवा छान आहे," म्हणाली. तुझ्या बायकोला खोटं बोलता येत नाही, हा तिचा गुण तू तरी घ्यायचास. आईचा आवाज आतून येतच होता.

"घरातलं भांडण लोझानला नेलंस! परक्या माणसांसमोर!"

मी बाहेरून ओरडले, "आई, ते परके नाहीत, देशाचे न्यायाधीश आहेत!"

"फ्रेंच बोलतात!"

"काही बोलत असतील! निकाल जर्मनमध्ये देतील!"

"मला नको तुझं मत! मला काय हवं ते मी तुझ्या बापाला रात्री सांगत असे, तो सकाळी हात वर करत असे. कधी अडलं नाही माझं!"

"माझ्याकडे सांगायला कोण आहे गं आई?"

लिडिया खाली बघत होती. मी कॉफी तशीच बाकावर ठेवली आणि उतरले.

सकाळी मिरवणुकीत आम्ही सगळ्या बायका तो जड, कलाबतूचा पोशाख घालून चौकातून चाललो. तुमचं म्हणणं ना, चौक लहान आहे, बायकाही आल्या तर रिंगणात माणसं मावणार नाहीत? आज सगळ्या मावलो, अम्ब्रोस. आमचे पसरट टोपसुद्धा मावले. मिरवायला बायका आल्या की चौक रुंद होतो आणि बोलायला आल्या की आक्रसतो, असा चौक जगात दुसरा नसेल.

लिडियाने सांगितलं, तू म्हणतोस, आधी लोकांची मनं बदलू देत, मग कायदा आपोआप बदलेल. आजीने मनं बदलायची वाट पाहिली, ती गेली. संबंध देशाच्या मतपेटीत माझी चिठ्ठी पडते त्याला आता वीस वर्षं होत आली. लष्कर ठेवायचं की नाही, बोगदा कुठून काढायचा, हे मला विचारतात. पण पाणवठ्यावरून भांडणाऱ्या आपल्याच दोन शेजाऱ्यांचा पंच कोण असावा, हे मला विचारायचं म्हटलं की तुमची मनं अजून तयार नसतात. दर वसंतात तुम्ही तीन बोटं वर करून कायदा पाळायची शपथ घेता. शपथ तुमची, आणि पाळायचा आम्ही! जो कायदा अर्ध्या माणसांना न विचारता होतो, त्याला मी कायदा म्हणत नाही, घरच्या पुरुषाची सवय म्हणते.

साय पाठवू नकोस. मागत नाहीये.

अगाथा


बुधवार, २८ नोव्हेंबर १९९०

अम्ब्रोस,

निकाल तू रेडिओवर ऐकलाच असशील. सगळे न्यायाधीश एकमताने. देशाच्या घटनेत स्त्री-पुरुष समान लिहिलेत, तेव्हा कुठल्याही प्रांताला, त्याची सभा कितीही जुनी असली तरी, बायकांना दोराबाहेर ठेवता येणार नाही. संपलं.

मी बातमी ऐकली तेव्हा कणीक मळत होते. हात तसेच कणकेत ठेवून रडले. शेजारीण धावत आली, मिठी मारून म्हणाली, "अगं हस, जिंकलीस तू!" तिला वाटलं आनंदाने रडते आहे. आनंद होताच, नाही असं नाही. पण तुला खरं सांगते, कारण ज्याच्यावर एवढा राग आहे त्याला खरं सांगायला काही वाटत नाही. मला हे तुझ्या हातून हवं होतं. आपल्या चौकात, आपल्या माणसांनी, सगळ्यांसमोर हात वर करून द्यायला हवं होतं. ते मला कधीही न पाहिलेल्या माणसांनी, दूरच्या गावात बसून, लेखणीने दिलं. त्यांचे उपकार मानते. आणि त्यांना तसं करावं लागलं याची लाज तुम्ही बाळगायची आहे, मी नाही.

संध्याकाळी तुम्ही सगळे खानावळीत जमला होता, असं कळलं. तू टेबलावर मूठ आपटून म्हणालास म्हणे, "सहाशे वर्षांत आम्हाला कोणी हुकूम दिला नाही! जे आम्ही ठरवलं नाही ते आम्ही मानणार नाही!" वा रे पठ्ठ्या. मी माझ्या वयाची पन्नास वर्षं, जे मी ठरवलं नाही ते मानत आले. तुला एक संध्याकाळ जड गेली?

कायद्याने मनं बदलत नाहीत, असं तू उद्या म्हणशील. नसतील बदलत. मला तुझं मन नकोच आहे, ते तुझ्याकडे ठेव. मला रिंगणात उभं राहायला दोन पावलांएवढी जागा हवी होती. ती आता माझी आहे. तिथे तुझ्या शेजारी मी उभी राहीन, तेव्हा तुझ्या मनाचं काय करायचं ते तू बघ.

अगाथा


२२ एप्रिल १९९१

अम्ब्रोस,

पाच महिने मी लिहिलं नाही. आज लिहिते आहे ते तुला आधी कळावं म्हणून.

लिडिया पाव न्यायला आली होती (हो, ती येते, मागच्या दाराने, आता कळलंच आहे तर तिच्यावर ओरडू नकोस). तिने सांगितलं की मेच्या पहिल्या रविवारी आपल्या विभागाच्या सभेत तू पंचाच्या जागेला उभा राहणार आहेस. समोर बेनेडिक्ट. काय जोडी आहे! एकाला कोणी आवडत नाही आणि दुसरा सगळ्यांना आवडावा म्हणून जीव टाकतो.

लिडिया म्हणाली, "वन्सं, ह्यांना फार वाटतं की तुम्ही ह्यांच्या बाजूने असावं. घरचंच माणूस उलटलं तर लोक काय म्हणतील, म्हणतात."

"मग तो स्वतः का नाही सांगायला आला?"

"तुम्ही ओळखता ना ह्यांना."

ओळखते. चांगली ओळखते. तुझ्यात वाईटपणा नाही, अम्ब्रोस. वाट चुकलेल्या बोकडाला शोधायला तू पावसात अख्खा डोंगर पालथा घालतोस. आईचं सगळं तू करतोस, मी नाही. गावात तुझ्याइतका मनमिळाऊ माणूस शोधून सापडायचा नाही. पण पंचाकडे दोन भांडणारे येतात आणि त्याला एकाला नाराज करावंच लागतं. तू समोर असेल त्याला हो म्हणतोस आणि तो वळला की शेजारी कोण उभं आहे ते बघतोस. ज्या दिवशी तू निर्णय द्यायला बसशील, त्या दिवशीही आधी कान खाजवशील.

तेव्हा माझा हात तुला मिळणार नाही. मी बेनेडिक्टसाठी वर करणार आहे. तो खडूस आहे, माझ्या पावाची बदनामी करतो, पण त्याच्यासमोर कोणीही उभं असलं तरी त्याचं उत्तर बदलत नाही. आज सोमवार. तुला हे पत्र उद्या मिळेल. तुझ्याकडे बारा दिवस आहेत, हवं तर येऊन भांड. मी बेकरीत आहे, गोठ्यात नाही.

अगाथा


सोमवार, ६ मे १९९१

अम्ब्रोस,

आला नाहीस भांडायला.

आठवड्यापूर्वी प्रांताच्या मोठ्या सभेला मी गेले होते, तू लांबून पाहिलंस. तुमच्या कमरेला तलवारी, आमच्या हातात मताचं पिवळं कार्ड. मी दोराच्या आत शिरले. एक म्हातारा माझ्याकडे बघून थुंकला, आणि त्याच्याच मागच्याने बाजूला सरकून मला जागा दिली. आई येणार नाही हे ठाऊक होतं. पण लिडिया आली. तुझ्या मागे चार पावलांवर उभी होती आणि शपथेच्या वेळी तिची तीन बोटं तुझ्यापेक्षा वर होती. मी पाहिलं. आता मला पाहायची सवयच झाली आहे.

मग कालची सभा. तू आणि बेनेडिक्ट पुढे उभे होतात. आधी तुझं नाव पुकारलं. हात वर झाले, पुष्कळ झाले. सगळ्या गावाची मान माझ्याकडे वळली, मी काय करते ते बघायला. मी हात खाली ठेवला. खिशाजवळ नाही, सरळ खाली. मग बेनेडिक्टचं नाव घेतलं आणि मी हात वर केला. कोणाकडे बघितलं नाही, फक्त तुझ्याकडे बघितलं. तूही बघत होतास. तुझा चेहरा पडला. मला वाटलं होतं की त्या क्षणी मला बरं वाटेल, वर्षभराचं उट्टं निघेल. काही निघालं नाही. हात दुखायला लागला इतका वेळ वर धरला होता, एवढंच.

डोळ्यांनी मोजून कळेना म्हणून पुन्हा हात वर करायला लावले. दुसऱ्यांदाही मी तेच केलं. आणि तू निवडून आलास.

ऐक आता. मला हा निकाल आवडलेला नाही. तू चुकीचा माणूस आहेस असं मला काल वाटत होतं आणि आजही वाटतं. तरी तू माझाही पंच आहेस. उद्या माझं कोणाशी भांडण झालं तर मी तुझ्यासमोर येऊन उभी राहीन आणि तू जे ठरवशील ते मानीन. मला न विचारता झालेलं पन्नास वर्षं मानलं, हे तर मला विचारून झालं आहे. माझ्याविरुद्ध गेलेलं मी एका रात्रीत मानू शकते, तर लोझानने दिलेलं मानायला तुम्हाला कसली धाड भरली आहे? खानावळीत अजून टेबलं आपटणं चालूच आहे म्हणे. तू आता पंच आहेस. पंचाने टेबल आपटायचं नसतं. जा आणि त्यांना तसं सांग. कोण शेजारी उभं आहे ते न बघता सांग.

संध्याकाळी तुम्ही सगळे बाहेर पडलात. बेनेडिक्टने तुझा हात हातात घेतला, खांद्यावर थाप मारली आणि तुम्ही दोघं बिअर प्यायला गेलात. तासाभरापूर्वी तो तुझ्याविरुद्ध उभा होता. त्याच्यावर तुझा राग नाही. बिअर संपवून तू माझ्या दुकानावरून गेलास आणि मान वळवलीस. मी दारातच उभी होते. पुरुषाने विरोधात हात वर केला तर ती सभेची रीत आणि बहिणीने केला तर दगा, असं आहे का?

येत्या रविवारी मी दुपारी जेवायला वर येते आहे. लिडियाला सांगितलं आहे, ती माझं ताट मांडेल. आई आत घेणार नसेल तर बाकावर जेवेन आणि तू गोठ्यात गेलास तर ताट घेऊन गोठ्यात येईन. तुझ्याशी मला अजून भांडायचं आहे, पुष्कळ दिवस पुरेल एवढं भांडायचं आहे. तोंड चुकवू नकोस.

तू माझ्याविरुद्ध हात वर केलास, अम्ब्रोस. मीही तुझ्याविरुद्ध केला. मग इतकी आग मलाच का लागली आहे, असं तुला वाटत असेल. मी हात वर करायच्या आधी तुला खरं सांगितलं होतं.

तुझी बहीण,
अगाथा